नखतराईचा कान

कोनाळवाडी, ता. देवणी
१० नोव्हेंबर २०२४

दामिनी,

‘चि. सौ.’ लिहायची हाताला सवय, म्हणून एक कागद खराब झाला. हा दुसरा आहे. नुसतं दामिनीच लिहिते.

पत्ता कुठून मिळाला म्हणशील. कस्तुराबाईच्या नातीनं, पुनमनं दिला. तिच्यावर रागावू नकोस, मीच चार वेळा मागितला. तुझ्या मोबाईलवर माझा नंबर बंद आहे हे मला कळतं. लावला की एकदा वाजतो आणि गप होतो. तू नांदेडला तरोडा नाक्याजवळ खोली घेतलीस, दवाखान्यात आता तुला सगळे ‘सिस्टर’ म्हणतात, स्कूटी घेतलीस, एवढं पुनमकडून समजलं. बाकी तीन वर्षांचं काही माहीत नाही. स्कूटी हळू चालवत जा.

कामाचं लिहिते. वीस तारखेला मतदान आहे. तुझं नाव अजून इथल्याच यादीत आहे, मल्लेशच्या नावाखाली. मतदानाला ये. आलीस की आठवडाभर राहा, एका दिवसासाठी एवढी लांबची धावपळ करू नये. मधल्या खोलीत तुझा पलंग आहे तसाच आहे. त्यावर मी गोधड्या ठेवते, त्या काढीन.

इथलं सगळं ठीक. गेल्या आठवड्यात लातूरहून कॉलेजचे एक सर आले होते, देवस्थानांची माहिती लिहून घेतात. आपल्या नखतराईचं देऊळ बघून म्हणाले, “बाई, देवळाला छप्पर नाही, आणि मूर्ती पण कुणीतरी उलटी बसवलीय वाटतं.” मी म्हटलं, “सर, उलटी न्हाई. ती पाठमोरीच बसलेली हाय. तिचं ध्यान आभाळात, चांदण्यांत. आपल्याकडं बघायला तिला सवड कुठं हाय?” सर खूश झाले, लिहून घेतलं. मग मी त्यांना पहिल्यापासून सांगितलं. जन्माला आलेल्या प्रत्येकाच्या हातात ती एक चांदणी देते. ती परत घ्यायची झाली की गावातल्या कुणाच्या तरी स्वप्नात ते माणूस दाखवते. हातात चांदणी धरून आभाळाकडं चाललेलं, आणि तेही पाठमोरं. ज्याला स्वप्न पडलं त्यानं तोंड न धुता, वाटेत कुणाशी न बोलता देवळात यायचं आणि देवीच्या कानाला सांगायचं. देवीचा कान म्हणजे कट्ट्यावर बसणारी बाई, म्हणजे मी. पाठ कुणाची हे ओळखायचं काम माझं. ओळखून त्याच दिवशी त्या माणसाला तोंडानं जाऊन सांगायचं. मग त्यानं सात दिवस गावाची शीव ओलांडायची नाही. सात दिवस सुखरूप गेले की चांदणी त्याच्याच हातात राहते. सांगायचं राहून गेलं तर अमावस्येच्या आत तो माणूस जातो.

सर म्हणाले, “आणि कानानं ओळखलंच नाही तर?”

मी चहा ठेवायला आत गेले.

कस्तुराबाई आजकाल रोज ताक आणून देते. नको म्हटलं तरी देते, वर बसून राहते, माझ्या तोंडाकडं बघत. काय झालंय तिला कुणास ठाऊक. वय झालं असेल.

येतेस ना? अठरापर्यंत आलीस तर बरं.

अव्वा

*

१६ नोव्हेंबर

दामिनी,

तुझं कार्ड मिळालं. तीन वर्षांनी आलं आणि दोन ओळींचं आलं. पहिली ओळ, मतदानाचं नाव नांदेडला लावून घेतलं आहे. बरं केलंस. दुसरी ओळ मी पुष्कळदा वाचली. ‘त्या दिवशी तू ओळखलं होतंस का, एवढंच लिही.’

कुठला दिवस हे तू लिहिलं नाहीस, आणि मीही विचारत नाही. तू पहाटे उठून, केस मोकळे, तशीच देवळात आलीस. घरात आई असताना मला उठवलं नाहीस, रिवाजाप्रमाणे कट्ट्यावर येऊन बसलीस, म्हणून मलाही तसंच धावत यावं लागलं. तू सांगितलंस की एक गडी पाहिला, खांद्यावर टॉवेल, एक खांदा खाली उतरलेला, हातात चांदणी. आणि मग विचारलंस, “अव्वा, हे आपल्या ह्यांच्यासारखं वाटतंय का गं?” स्वप्न पडणाऱ्यानं नाव विचारायचं नसतं, तरी तू विचारलंस. मी म्हटलं, “छे गं. हा मडिवाळप्पा हाय.” तुला केवढं हायसं वाटलं होतं. देवळातच हसलीस. मी लगेच मडिवाळप्पाच्या घरी जाऊन त्याला सांगितलं. म्हातारा सात दिवस ओट्यावर बसला, सुनेकडून रोज शिरा करून खाल्ला, आणि अजून ठणठणीत आहे.

माणसाची चूक होते, दामिनी. अंधारातल्या पाठीवरून माणूस ओळखायचा म्हणजे सोपं नाही. वीस वर्षांत माझ्या हातून एकदा चूक झाली.

पण आता ते राहू दे. तू ये. मतदानाला नको, कशालाच नको, नुसती ये आणि सात दिवस राहा. मी कारण लिहू शकत नाही. कागदावर लिहून ते सांगता येत नाही, लिहिलेलं धरत नाही, हे तुलाही माहीत आहे. ह्या अमावस्येच्या आत ये. अमावस्या तीस तारखेला लागते, म्हणजे तू बावीसपर्यंत यायला हवीस. दवाखान्यात सांग आईला बरं नाही. खोटं वाटत असेल तर खोटं सांग. माझ्यावर कितीही रागव, जेवू नकोस माझ्या हातचं, कस्तुराबाईकडं जेव. फक्त शिवेच्या आत राहा.

तोपर्यंत स्कूटी काढू नकोस. पायी जा, रिक्षानं जा.

अव्वा

*

२२ नोव्हेंबर, शुक्रवार

दामिनी,

तू आली नाहीस, उत्तरही नाही. आज सकाळी देवीसमोर, चार माणसांच्या देखत, मी कट्टा सोडला. घोंगडी, घंटी आणि मान निलव्वाच्या ओटीत घातला. माझ्याच धाकट्या जावेच्या, जिच्याशी मी घर वेगळं झाल्यापासून धड बोलले नाही तिच्या. ती रडली. मी रडले नाही. घरी येऊन भांडी घासली, घासलेलीच पुन्हा घासली.

आता तू विचारलेलं लिहिते. ओळखलं होतं.

ऐकता ऐकता ओळखलं होतं. ट्रॅक्टरची चाकं आणि पेट्या उचलून मल्लेशचा डावा खांदा उतरला होता. मडिवाळप्पाचा उजवा उतरलेला आहे. मी तुला विचारलं होतं, कुठला खांदा? तू स्वतःच्या डाव्या खांद्यावर हात ठेवून दाखवलास. तरी मी मडिवाळप्पाचं नाव घेतलं.

कारण तुला माहीत आहे, पण मला ते एकदा लिहू दे. घरच्या माणसाचं स्वप्न आलं तर कानानं कट्ट्यावरून उतरायचं. मान दुसऱ्या घरच्या बाईला द्यायचा, तिनं ते स्वप्न नव्यानं ऐकायचं, आणि तिनंच सांगायचं. मान मग परत येत नाही. मल्लेश जावई असला तरी आपल्या घरात राहायला आला होता, म्हणजे घरचाच. मान निलव्वाकडं गेला असता.

तू म्हणशील, मान काय चाटायचाय? तुझे अप्पा गेले तेव्हा मी अडतीस वर्षांची होते. त्यानंतर कुणी मला हळदीला बोलावलं नाही, बारशाला बोलावलं नाही. समोरून आले तर लोक वाट बदलायचे. मग सासूबाईंनी मला कट्ट्यावर बसवलं, आणि तेच लोक दारात चपला काढून, हात जोडून उभे राहायला लागले. सरपंच सुद्धा. मला त्याची गोडी लागली. ती गोडी सोडवेना, एवढंच खरं आहे.

मी काही मल्लेशला मरू द्यायला निघाले नव्हते. मनात म्हटलं, स्वप्नाचं नाव न काढता ह्याला सात दिवस घरात अडकवते, म्हणजे माणूसही राहील आणि मानही राहील. पहिल्या दिवशी मोटारचा पट्टा तुटला म्हणून मळ्यात पाठवला. तो मीच तोडला होता. दुसऱ्या दिवशी माझ्या पोटात दुखत होतं. तिसऱ्या दिवशी दोघांना पुरण घातलं. चौथ्या दिवशी नांदेडहून त्याच्या मालकाचा फोन आला आणि मी अंघोळीला गेले होते. बाहेर आले तर मोटारसायकल नव्हती. फोन केला, उचलला नाही, गाडीवर होता. तेव्हा तरी पळत जाऊन गावाला ओरडून सांगायला हवं होतं, कुणीतरी पाठलाग केला असता. मी देवळात जाऊन बसले, हळूहळू शब्द जुळवत, की आता कसं सांगावं. लोह्याच्या अलीकडं उसाची ट्रॉली उभी होती, मागं दिवा नव्हता.

त्याचे दिवस झाल्यावर तू बॅग भरलीस आणि दारात थांबून मला एकदाच विचारलंस. मी म्हटलं, चूक झाली. तू पाया पडली नाहीस आणि गेलीस.

आता पुढचं. लक्ष्मीपूजनानंतरच्या मंगळवारी कस्तुराबाई तशीच पहाटे आली होती. तिनं एक बाई पाहिली. इरकली नेसलेली, पदर डाव्या कमरेला घट्ट खोचलेला, मान थोडी उजवीकडं कललेली, पाऊल दाबून दाबून चालणारी. तू लहानपणापासून तशीच चालतेस. ऐकताच वाटलं, ही तूच. आणि त्यातही मी काय केलं? तुला मतदानाला बोलावलं. त्याला पोटदुखी, तुला मतदान. माझ्यात काडीचाही फरक पडला नव्हता. कस्तुराबाईला म्हटलं, “पाठ ओळखू येईना, बघते.” दहा तारखेला पत्र लिहिलं तेव्हा मी मनात कट्ट्यावरच बसलेले होते.

उद्या निलव्वा ते स्वप्न नव्यानं ऐकेल आणि लगेच गाडी धरून तुझ्याकडं येईल. तिच्याशी भांडू नकोस, ती कधी कुणाच्या वाटेत आलेली बाई नाही. तिच्याबरोबर गावाला ये. मी नको असेन तर मी सात दिवस देवणीला मामाकडं जाऊन राहते, घर तुझं.

माफी मागत नाही. मागायची जागा मी ठेवलेली नाही.

अव्वा

*

२९ नोव्हेंबर, शुक्रवार, सकाळ

दामिनी,

निलव्वा आली नाही, असं तू परवाच्या कार्डात लिहिलंस. ती का आली नाही ते आधी सांगते.

शनिवारी, तेवीसला, तिनं कस्तुराबाईला देवळात बोलावलं. मीही लांब उभी होते. निकालाचा दिवस होता, गावात फटाके वाजत होते, त्यामुळे कस्तुराबाईला दोनदा सांगावं लागलं. निलव्वा खाली बघून ऐकत होती. इरकली झाली, पदर झाला, मान झाली. मग तिनं डोळे वर केले आणि माझ्याकडं बघितलं. कस्तुराबाईनं तोंडाला पदर लावला.

निलव्वा कट्ट्यावरून उतरून माझ्याजवळ आली. म्हणाली, “अक्का, पोरीची पाठ न्हाई ही. ह्या तुम्ही हाव.”

मी म्हटलं, “येडी का काय? दामिनीच अशी चालते.”

“दामिनी तुमच्यासारखी चालते, अक्का. आणि ती इरकली कधी नेसली? तुमच्या मागं मी पंधरा वर्सं पाणी आणायला चाललेली हाय. मला तुमची पाठ ठावं न्हाई?”

कस्तुराबाईला पहिल्या दिवशीच कळलं होतं. तिला नाव घ्यायचा हुकूम नव्हता, म्हणून ती रोज ताक घेऊन येत होती आणि मी आज तरी ओळखते का हे बघत होती. “कामून ओळखंना गं तू?” म्हणून माझ्याच गळ्यात पडून रडली.

तेव्हा मला त्या रिवाजाचा अर्थ समजला. घरचं स्वप्न दुसऱ्याकडं द्यायचं ते काही शिक्षा म्हणून नाही. आपली पाठ आपल्याला कुठं दिसते? घरचं ऐकताना बाईला भीती तरी दिसते, नाहीतर स्वार्थ दिसतो. मला एकदा हे दिसलं, एकदा ते. वीस वर्षं बसून हे कळलं नाही आणि निलव्वाला पहिल्याच दिवशी दिसलं.

खरं सांगू? मला आधी आनंदच झाला. तू नाहीस म्हटल्यावर मी देवळातून येताना दुकानातून पाव किलो पेढे घेतले. दुकानदाराला वाटलं, माझा उमेदवार निवडून आला.

निलव्वानं मला रीतसर सांगितलं, आणि मी तेव्हापासून घरात आहे. ती सकाळ-संध्याकाळ येऊन बघून जाते. उद्या सात दिवस भरतात, उद्याच अमावस्या लागते. तेवढं निघालं की झालं, असं निलव्वा म्हणते.

आणि परवा तुझं कार्ड आलं. ‘कागदावर कबूल केलंस ते मी धरत नाही. मल्लेशचं जे सांगायचं राहिलं ते माझ्यासमोर बसून, तोंडानं सांग. २९ला शुक्रवारी माझी सुट्टी आहे. त्या दिवशी नाही आलीस तर यापुढचं पत्र न उघडता परत पाठवीन.’

दोन दिवस विचार केला. पुनमच्या फोनवरून तुला म्हणता आलं असतं की रविवारी येते, दोनच दिवस थांब. पण का, असं तू विचारलं असतंस, आणि मी स्वप्नाचं सांगितलं असतं. मग तू मनात म्हणाली असतीस, अव्वानं पुन्हा एक कारण काढलं. तसं म्हणायचा तुला हक्क आहे. मतदान, बरं नाही, इतकी कारणं मी काढली. आणि समज तू थांबलीस आणि मी दोन दिवसांनी आले, तर मी पुन्हा आधी माझं बघितलं आणि मग तुझं. मल्लेशला मी त्याच दिवशी तोंडानं सांगायला हवं होतं. त्याला आता सांगता येत नाही. तुला येतं.

निलव्वाला काल सांगितलं. ती दारात आडवी बसली. म्हणाली, “अक्का, मी सांगितलेलं पहिलं माणूस तुम्ही, आणि तुम्हीच शीव ओलांडता?” मी म्हटलं, “तू तुझं काम केलंस. माझं राहिलंय.” मग ती उठली आणि मला भाकरी बांधून दिली. तुझ्यासाठी शेंगदाण्याची चटणी पण आहे.

हे सगळं तुला कळू द्यावं की नाही, असंही वाटलं. काही झालं तर तू स्वतःला दोष देत बसशील. देऊ नकोस, तुला माहीत नव्हतं. पण लपवून भलं करायचं म्हणून मी दोनदा लपवलं आणि त्याचं काय झालं ते तू बघितलंस. म्हणून सगळं लिहिलं आहे. पुनमला सांगितलंय की ह्या कागदांचे फोटो काढून तुझ्या मोबाईलवर पाठव. आत्तापर्यंत ती वाचेल म्हणून पोस्टानं पाठवत होते. आता वाचू दे. तिच्या आजीनं वाचलं तरी चालेल, गावानं वाचलं तरी चालेल.

फोन मी घरी कपाटात ठेवून निघते आहे. तेव्हा येऊ नको म्हणून कळवायची खटपट करू नकोस, कुणी उचलणार नाही. मला भीती वाटते का, तर वाटते. सकाळी चूल पेटवताना काडी तीनदा विझली. पण तुझ्यासमोर बसायचं आहे, हे भीतीपेक्षा मोठं झालंय.

देवणीची गाडी साडेनऊला फाट्यावर येते. उदगीरला उतरून नांदेडची गाडी धरायची, ती लोह्यावरून जाते. चारपर्यंत पोचते म्हणतात. स्टँडवर येऊ नकोस, रिक्षावाल्याला पत्ता दाखवीन. पाचपर्यंत वाट बघ. पाच वाजून गेले आणि मी आले नाही, तर रस्त्यावर शोधायला निघू नकोस, दवाखान्यात फोन करत बसू नकोस. निलव्वाला फोन लाव. तिचा नंबर पुनम खाली टाकेल. जे असेल ते ती सांगेल. ती झाकत नाही.

अव्वा